साहेबमामांची नजर : ‘संत तुकाराम’मधली घरं आणि माणसं

‘दामले-फत्तेलाल’ हे नाव आपण इतक्या सवयीनं एका दमात घेतो, की त्यात दोन माणसं आहेत हेच विसरायला होतं. विष्णुपंत दामले यांची ओळख ध्वनिमुद्रणामुळे थोडीफार टिकली. शेख फत्तेलाल, म्हणजे ‘प्रभात’चे साहेबमामा, यांची मात्र ‘सुंदर सेट उभारणारे’ एवढ्यावर बोळवण झाली. ‘संत तुकाराम’ (१९३६) मी पुन्हा पुन्हा पाहिला तो या तक्रारीपायी. साहेबमामांचं कलादिग्दर्शन भिंतींपाशी थांबत नाही, ते माणसांच्या निवडीपर्यंत पोचतं, असं माझं म्हणणं आहे.

त्यांची तालीम कोल्हापुरात, बाबूराव पेंटरांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत झाली. रंगवलेल्या पडद्यांऐवजी भरीव, खोली असलेले सेट उभारायचा आग्रह बाबूरावांचा. १९२९ मध्ये ‘प्रभात’ निघाली, १९३३ मध्ये ती पुण्याला आली. ‘अमृतमंथन’ (१९३४) मधलं चंडिकेचं मंदिर पाहा. तिथे वास्तूच माणसांना दडपून टाकते. अवघ्या दोन वर्षांनी हाच हात देहूचं घर उभारतो, तेव्हा भव्यता पार गळून पडते. वावरून मळलेलं घर, म्हैस, पोरंबाळं. हे सगळं जिजाईच्या रोजच्या कामाचं आहे, शोभेचं नव्हे.

आणि त्या घरात गौरी! नायिकेचं रूप म्हणून तेव्हा जे चालत होतं, त्यात ही बाई कुठेच बसत नाही. ठसठशीत अंग, खणखणीत आवाज, कामाची सवय असलेले हात. आजाऱ्या पोराला घेऊन ती देवळात जाते आणि पांडुरंगावर पायताण उगारते, तेव्हा ते खोटं वाटत नाही, कारण ही बाई त्याच घरातून उठून आली आहे याची आपल्याला आधीच खात्री पटलेली असते. तिच्या जागी एखादी नाजूक गाती नटी आणली असती, तर ते घर लगेच सेट दिसलं असतं.

विष्णुपंत पागनीस यांची निवड याहून धाडसाची. रंगभूमीवर स्त्रीभूमिका केलेला हा नट तुकाराम म्हणून कसा चालेल, अशी शंका तेव्हा घेतली गेली होती. पण तीच मार्दवाची सवय इथे कामी आली. जिजाई पाय रोवून उभी, तर तुकाराम घरात असूनही नसल्यासारखा. एका चौकटीत असे दोन देह ठेवले की संसार आणि विठ्ठल यांतली ओढाताण संवादाआधीच दिसते. दोन रंग शेजारी ठेवले तर काय होईल हे चित्रकाराला आधी कळतं. उरला भागवतांचा सालोमालो. त्याचं हातवारे करून, नाटकी बोलणं काहींना खटकतं. मला मात्र ते मुद्दाम ठेवलेलं वाटतं. खोटा कवी जुन्या रंगभूमीच्या थाटातच बोलणार!

१९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात या चित्रपटाचा गौरव झाला. आपल्याकडे त्याची चर्चा बहुतेक भक्ती, अभंग आणि चमत्कार यांभोवती फिरत राहिली. शांताराम आठवले यांचं एक पद तर लोकांनी तुकोबांचंच समजून घेतलं. पागनीसांच्या चेहऱ्याचंही तेच झालं. तुकाराम म्हटलं की आजही अनेकांच्या डोळ्यांपुढे तोच चेहरा येतो. एका मुसलमान चित्रकाराचा या घडणीत केवढा वाटा होता, हे त्या कौतुकात क्वचितच येतं.

शेवटचं वैकुंठगमन पाहताना मला तरी ते विमान कचकड्याचं वाटतं. पण माझी नजर तिकडे फार वेळ राहत नाही. जिजाई खाली उरली आहे, घर आणि पोरं तिच्याच गळ्यात आहेत, आणि साहेबमामांनी सगळं वजन तिथे, जमिनीवर ठेवलं आहे.