‘इम्परफेक्ट’ : एका फलंदाजाचे आत्मपरीक्षण

खेळाडूंच्या आत्मचरित्रांत धावा, दौरे व पारितोषिके यांचीच जंत्री बहुधा आढळते. लेखकाचे मन तीत क्वचितच हाती लागते. संजय मांजरेकर यांचे ‘इम्परफेक्ट’ (२०१७) हे इंग्रजी आत्मचरित्र या रूढीस अपवाद आहे, म्हणूनच त्याचा वाङ्मयीन विचार करणे अगत्याचे वाटते.

पुस्तकाचा गाभा वडिलांविषयीच्या लेखनात आहे. विजय मांजरेकर ५५ कसोटी सामने खेळले. तंत्रशुद्ध फलंदाज म्हणून मुंबईत त्यांचा दबदबा होता. मुलाला मात्र त्यांचे भय वाटे, हे लेखक आडपडदा न ठेवता सांगतो. १९८३ साली वडील निवर्तले. मुलाचे कसोटी-पदार्पण १९८७ मधले. ज्यांचा धाक, ते पाहावयास उरले नव्हते. तरीही धाक सरला असे मला वाटत नाही. त्याची जागा तंत्राने घेतली असावी.

१९८९ च्या पाकिस्तान दौऱ्यात चार कसोटींत ५६९ धावा, त्यांत लाहोरच्या २१८. आणि १९९२ मध्ये हरारे येथे झिंबाब्वेविरुद्ध एका शतकासाठी आठ तासांहून अधिक काळ! या तीन वर्षांत काय घडले, हेच पुस्तकाचे खरे कथानक. निर्दोष तंत्राचा ध्यास आपल्या फलंदाजीस बाधला, असे निदान लेखक स्वतःच करतो. निदान पटते. परंतु वडिलांविषयी लिहिताना जो मुलगा बोलत होता, तो येथे समालोचक होतो. कारणे नेमकी मिळतात, त्या आठ तासांत फलंदाजाच्या मनात काय चालले होते ते मिळत नाही.

आंद्रे अगासीच्या ‘ओपन’शी (२००९) तुलना केल्यास हे स्पष्ट होते. तेथे टेनिसचा द्वेष आरंभीच उच्चारला जातो, आणि वडिलांनी सिद्ध केलेले चेंडू फेकणारे यंत्र मुलाला राक्षसासारखे भासते. (त्या शब्दकळेमागे मोरिंगर या व्यावसायिक लेखकाचा हात आहे, हे विसरता कामा नये.) अगासीला शत्रू समोर दिसतो. मांजरेकरांना तसा दिसत नाही. ही निर्दोषता खेळाने मागितली, घराने मागितली, की त्यांची त्यांनीच? लेखक या प्रश्नाच्या उंबरठ्यापर्यंत येतो आणि पुढील सामन्याकडे वळतो.