खोकल्यासकट

गाणं ऐकणारे पुष्कळ असतात. गाण्याचं ऑडिट करणारे पाहायचे असतील, तर अमेरिकेतल्या ‘ग्रेटफुल डेड’ या बँडचे भक्त पाहावेत. (बँड म्हणजे वरातीपुढचा नव्हे.) १९६५ ते १९९५ या तीस वर्षांत या मंडळींनी दोन हजारांवर कार्यक्रम केले, आणि एकच गाणं दोनदा सारखं वाजवायचं नाही ही त्यांची खोड. आपले बुवा रोजचाच यमन रोज नवा मांडतात, त्यातलाच प्रकार. साहजिकच भक्त मैफलीला टेपरेकॉर्डर घेऊन येऊ लागले. दुसऱ्या कुणी दारातच अडवलं असतं; यांनी १९८४ पासून रेकॉर्डिंगवाल्यांना बसायला वेगळी जागा आखून दिली! अट एकच, धंदा करायचा नाही.

मग नकलेची नक्कल, तिची पुन्हा नक्कल. दर पिढीला खरखर वाढायची. चौथ्या नकलेत गवई तापल्या तव्याशेजारी उभा राहून गातोय असं वाटे.

२००१ साली ‘फ्लॅक’ आलं. ते फाईल साधारण निम्मी करतं, पण आवाजातलं काही म्हणजे काही टाकत नाही. एमपी-थ्रीचं तसं नाही. कानाला जे जाणवणार नाही असं त्याला वाटतं, ते तो परस्पर कमी करतो. दहा रुपये जमेनात म्हणून रात्री साडेआठपर्यंत कॅश मोजणारी आमची जात. ‘कुणाला कळतंय!’ म्हणून रक्कम परस्पर कमी करणाऱ्याला आमच्यात काय म्हणतात, ते इथं लिहीत नाही.

भक्तांची टॅली आमच्याहून कडक. संचासोबत ‘एमडी-फाइव्ह’ नावाची आकड्या-अक्षरांची एक खूण येते. एक बिट इकडचा तिकडे झाला की ती जुळत नाही, नक्कल बाद. शिवाय वंशावळ: माईक कुठला, टेप कुठली, नक्कल कितवी. लग्न जमवतानाही आपण एवढं विचारत नाही. (विचारतो म्हणा.)

माझी हरकत इथंच आहे. चौथ्या नकलेवरून केलेलं फ्लॅक ती खरखरसुद्धा पै न् पै जपतं. खूण जुळते, गाणं कधीच गेलेलं असतं. खोट्या व्हाउचरचीही बेरीज बरोबर येते, साहेब! तेव्हा खरी किंमत मूळ टेपेची. ८ मे १९७७ चा कॉर्नेल विद्यापीठातला कार्यक्रम घ्या. बेटी कँटर-जॅक्सन या बाईंनी तो थेट मिक्सरवरून टिपला. पुढं गोदामाचं भाडं थकलं आणि बाईंच्या टेपा लिलावात गेल्या. घेणाऱ्यांनी त्या टाकून दिल्या नाहीत, म्हणून ते रेकॉर्डिंग आज अमेरिकी काँग्रेसच्या ग्रंथालयाच्या राष्ट्रीय यादीत आहे. तिथं कुठलं फ्लॅक कामाला आलं नसतं.

ते रेकॉर्डिंग आहे झकासच, अगदी इस्त्री केल्यासारखं. पण मला विचाराल तर प्रेक्षकांत बसून केलेली टेप हवी. सतार लावतात तशी गिटार लावणं चालतं, शेजारचा कुजबुजतो, ऐन हळव्या जागी कुणीतरी खोकतो, आणि आपण बिनतिकीट आत असतो. फक्त हेडफोन लावून लोकलमध्ये ऐकू नका. दर खोकल्याला मागं वळून बघावं लागतं.