सूर्य-चंद्राविना कालगणना : ज्यूल व्हर्न यांच्या समुद्रतळविश्वाचा एक चिकित्सक अभ्यास

प्रस्तावना :

कल्पित विश्व उभे करणारा लेखक त्या विश्वाला भूगोल देतो, भाषा देतो, इतिहास देतो. स्वतंत्र कालगणना देणारे लेखक मात्र थोडे आढळतात. जे. आर. आर. टॉल्किन यांच्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' (१९५४-५५) या कादंबरीच्या परिशिष्टात शायर या प्रदेशाचे कॅलेंडर दिलेले आहे. प्रत्येकी ३० दिवसांचे १२ महिने आणि कोणत्याही महिन्यात न मोजलेले ५ दिवस, अशी त्या वर्षाची रचना आहे. हे कॅलेंडर वाचकाला पटते, कारण ते शेती करणाऱ्या लोकांचे आहे आणि त्याचा आधार सूर्य आहे. परंतु समुद्रात सुमारे १,००० मीटरच्या खाली सूर्यप्रकाश पोहोचतच नाही. अशा विश्वात काळ कशाने मोजावा, हा प्रश्न ज्यूल व्हर्न यांच्या 'ट्वेंटी थाउजंड लीग्ज अंडर द सी' (१८६९-७०) या कादंबरीच्या संदर्भात तपासणे हा प्रस्तुत लेखाचा हेतू आहे. भा. रा. भागवत यांच्या अनुवादांमुळे व्हर्न मराठी वाचकाला परका राहिलेला नाही. तथापि त्याच्याकडे बहुधा वैज्ञानिक भाकितांचा लेखक म्हणूनच पाहिले गेले आहे.

नॉटिलसवरील घड्याळ :

कॅप्टन नेमो याने भूमीवरील समाजाशी सर्व संबंध तोडलेले आहेत. त्याचे अन्न, वस्त्र, इतकेच नव्हे तर मृतांची दफनभूमीही समुद्रातच आहे. त्याचा स्वतःचा ध्वज आहे. खलाशी आपापसांत जी भाषा बोलतात ती जगात अन्यत्र कोणाला कळत नाही. पाणबुडीवरील विजेचे घड्याळ दाखविताना तो प्राध्यापक आरोनाक्स यांना सांगतो की, त्याच्यालेखी दिवस नाही, रात्र नाही, सूर्य नाही आणि चंद्रही नाही. म्हणून त्याने घड्याळाची २४ तासांत विभागणी केली आहे. येथे वाचकाला एका नव्या कालगणनेची अपेक्षा वाटू लागते. परंतु लगेच पुढच्याच वाक्यात नेमो उदाहरण देतो ते सकाळच्या दहा वाजल्याचे! ज्याला दिवस-रात्र नाही, त्याला सकाळ कोठून येणार? २४ तास हा आकडाही पृथ्वीच्या परिवलनातूनच आलेला आहे. याच माणसाकडे पॅरिस, ग्रीनिच आणि वॉशिंग्टन या तीन रेखावृत्तांप्रमाणे लावलेली घड्याळे आहेत. ज्या राष्ट्रांचा त्याने त्याग केला, त्यांची वेळ त्याने सोबत बाळगलेली आहे.

कादंबरीतील सर्व तारखा ग्रेगोरियन आहेत. प्रवासाचा आरंभ ८ नोव्हेंबर १८६७ रोजी दुपारी होतो. १ जानेवारी १८६८ रोजी कोन्सेय आपल्या धन्याला नववर्षाच्या शुभेच्छा देतो. यावर असा आक्षेप घेता येईल की, निवेदक आरोनाक्स आहे, तेव्हा तारखा त्याच्या आहेत, नेमोच्या नव्हेत. हा आक्षेप अंशतः मान्य केला तरी पुढील दोन प्रसंगांत तो टिकत नाही.

चंद्र-सूर्याचे पुनरागमन :

पहिला प्रसंग टोरेस सामुद्रधुनीतील आहे. ४ जानेवारी १८६८ रोजी नॉटिलस खडकावर अडकते. नेमो शांतपणे सांगतो की, पाच दिवसांनी पौर्णिमा आहे आणि त्या भरतीने पाणबुडी सुटेल. ९ तारखेला, त्याने सांगितलेल्या मिनिटाला, ती सुटते. आजच्या गणितानेही ती पौर्णिमा ९ जानेवारीच्या सुमारासच येते, यावरून व्हर्न यांची काटेकोर दृष्टी दिसून येते. ज्याच्यालेखी चंद्र नाही, त्याची सुटका चंद्रच करतो.

दुसरा प्रसंग दक्षिण ध्रुवावरील आहे. १९ आणि २० मार्च रोजी सूर्य ढगांआड राहतो. २१ मार्चला, विषुवदिनी, तो दिसला नाही तर पुढे सहा महिने दिसणार नाही, याची चिंता नेमोला आहे. सूर्यबिंब दिसते, ध्रुवाची निश्चिती होते आणि नेमो स्वतः तारीख उच्चारून त्या भूमीवर आपला हक्क जाहीर करतो. मानवी सत्ता नाकारणारा हा पुरुष आपल्या सत्तेची घोषणा मात्र मानवी कॅलेंडरच्या साक्षीने करतो.

'द मिस्टीरियस आयलंड' (१८७४-७५) या कादंबरीत नेमो हा बुंदेलखंडाचा राजपुत्र डक्कार असल्याचे उघड होते. ही ओळख नंतर जोडलेली असल्याने तिच्यावर फार भार टाकता येत नाही. तरीही तिथी मोजणाऱ्या परंपरेत जन्मलेला माणूस समुद्रात राहूनही तिथी मोजत नाही, ही बाब नोंदविण्याजोगी आहे. पौर्णिमा-अमावास्येचे उधाण आणि अष्टमीच्या सुमाराचा भांग यांवर कोकणातील नावाडी आपले वेळापत्रक ठरवितो. समुद्राशी जुळणारी कालगणना ही अशी असते. नॉटिलस ज्या ग्रेट बॅरिअर रीफजवळून जाते, तेथील अनेक जातींची प्रवाळे वर्षातील ठरावीक काळात, पौर्णिमेनंतरच्या काही रात्रींत एकाच वेळी प्रजनन करतात. हे १९८०च्या दशकात शास्त्रीयदृष्ट्या नोंदले गेले. व्हर्न यांना ते ठाऊक असणे शक्य नव्हते. परंतु समुद्राला स्वतःचे पंचांग आहे, एवढे त्यावरून निश्चित होते.

थांबलेली घड्याळे :

कादंबरीच्या अखेरीस, युद्धनौका बुडविल्यानंतर, नॉटिलस उत्तरेकडे धावू लागते. पाणबुडीवरील घड्याळे बंद पडलेली आहेत. आरोनाक्स यांना तारीख सांगता येत नाही. पंधरा-वीस दिवस गेले असावेत, असा ते केवळ अंदाज करतात. नेमोने प्रारंभी जाहीर केलेली दिवस-रात्रविरहित अवस्था प्रथमच येथे प्रत्यक्षात येते, आणि ती मुक्तीच्या रूपात न येता संहाराच्या पश्चात्तापग्रस्त छायेत येते. जुने कॅलेंडर सुटले, नवे निर्माण झाले नाही. उरला तो न मोजता येणारा काळ. प्रस्तुत लेखकाच्या मते कादंबरीचा शोकात्म आशय या पानांत सर्वाधिक घनतेने व्यक्त झाला आहे.

निष्कर्ष :

कल्पित विश्वाची समीक्षा करताना तपशिलांची संख्या मोजण्याकडे अभ्यासकांचा कल असतो. महिन्यांची नवी नावे आढळली की कालगणना नवी झाली, असे मानले जाते. व्हर्न यांची कादंबरी याहून कठोर निकष सुचविते. कालगणनेसाठी पुन्हा पुन्हा येणारी एखादी खूण लागते आणि त्या खुणेवर एकत्र विश्वास ठेवणारा समाजही लागतो. समुद्राकडे खुणा होत्या. नेमोकडे समाज नव्हता. त्याच्याजवळ आज्ञा पाळणारे सहकारी होते, परंतु सण, पेरणी, जन्म किंवा पुढील पिढी यांपैकी काहीच नव्हते. ज्या विश्वात उद्याची वाट पाहणारे कोणी नाही, तेथे भाषा निर्माण होऊ शकते, ध्वज फडकू शकतो. पंचांग मात्र निर्माण होत नाही. नॉटिलसवरील कॅलेंडरचा अभाव ही लेखकाची उणीव नसून नेमोच्या एकाकीपणाचे ते सर्वांत विश्वसनीय प्रमाण आहे, असे म्हणता येईल.