भिडू आणि प्रतिस्पर्धी : कन्सोलवरील ऑनलाइन खेळाच्या प्रवेशपद्धतीची समीक्षा (भिवंडी शहराच्या विशेष संदर्भात)

सारांश

घरातील दूरचित्रवाणी संचाला जोडलेल्या कन्सोलवर ऑनलाइन खेळ खेळण्यासाठी खेळाडूला आधी सहखेळाडू शोधावे लागतात आणि मग त्यांच्या खेळात सामील व्हावे लागते. हा शोध ही निव्वळ तांत्रिक सोय नाही. कोणी कोणाबरोबर खेळावे यासंबंधीची एक भूमिका तीत गृहीत धरलेली असते. प्रस्तुत लेखात या प्रवेशपद्धतीचे परीक्षण मराठी खेळपरंपरेतील शब्दव्यवहार आणि भिवंडी या बहुभाषिक यंत्रमागनगरीचा सामाजिक अनुभव यांच्या आधारे केले आहे.

बीजसंज्ञा : कन्सोल, ऑनलाइन खेळ, जुळणी, भिडू, कच्चा लिंबू, भिवंडी.

प्रस्तावना

संगणकीय खेळांची चर्चा बहुधा हिंसाचार, व्यसन, कथानक किंवा दृश्यरचना या अंगांनी होते. खेळ सुरू होण्यापूर्वी समोर येणाऱ्या पडद्याकडे मात्र समीक्षेचे फारसे लक्ष जात नाही. एकट्याने खेळायच्या खेळात त्याने बिघडत नाही. अनेकांनी मिळून खेळायच्या खेळात मात्र समोर कोण आहे आणि सोबत कोण आहे, हाच खेळाच्या आशयाचा मोठा भाग असतो. त्यामुळे खेळाडूंना एकत्र आणणारी व्यवस्था खेळाच्या बाहेरची मानता येत नाही.

या व्यवस्थेचा विचार भिवंडीच्या संदर्भात करण्यामागे कारण आहे. २०११ च्या जनगणनेनुसार ७,०९,६६५ लोकवस्तीचे हे शहर मराठी, उर्दू, हिंदी आणि तेलुगू भाषकांच्या वस्त्यांनी बनलेले आहे. यंत्रमागावरील कामासाठी उत्तर प्रदेशातून, तेलंगणातून आणि महाराष्ट्राच्या अन्य भागांतून आलेल्या कुटुंबांना येथे अनोळखी माणसांशी जुळवून घेतच राहावे लागले. ‘अनोळखी माणसाबरोबर डाव कसा मांडावा’ हा प्रश्न अशा शहरात केवळ मनोरंजनाचा राहत नाही.

१. प्रवेशाची तीन रूपे

कन्सोलवरील सामूहिक खेळात शिरण्याचे स्थूलमानाने तीन मार्ग आहेत. पहिला मार्ग निमंत्रणाचा. मित्रयादीतील व्यक्ती बोलावते आणि खेळाडू तिच्या गटात जातो. दुसरा मार्ग झटपट जुळणीचा. खेळाडू एक कळ दाबतो आणि यंत्रणा त्याच्यासाठी प्रतिस्पर्धी व सहकारी निवडते. तिसरा मार्ग खोल्यांच्या यादीचा. चालू असलेले खेळ पडद्यावर ओळीने दिसतात. प्रत्येक ओळीत खोलीचे नाव, मैदान, २४ पैकी १७ अशी खेळाडूंची संख्या आणि संदेश पोहोचण्यास लागणारा वेळ नोंदलेला असतो. कोणत्या खोलीत शिरायचे हे खेळाडू स्वतः ठरवतो.

मायक्रोसॉफ्टची एक्सबॉक्स लाइव्ह ही सेवा अमेरिकेत नोव्हेंबर २००२ मध्ये सुरू झाली. नोव्हेंबर २००४ मध्ये आलेल्या ‘हेलो २’ या खेळाने दुसऱ्या मार्गाला प्रतिष्ठा दिली. खेळाडूने केवळ खेळाचा प्रकार निवडायचा, उरलेले काम यंत्रणेने करायचे, हा त्याचा नमुना पुढे सर्वत्र रूढ झाला. ‘बॅटलफील्ड ३’ (२०११) या खेळाने कन्सोलवरही खोल्यांची यादी राखली होती. त्याच मालिकेतील ‘बॅटलफील्ड २०४२’ (२०२१) प्रसिद्ध झाला तेव्हा मुख्य खेळप्रकारांतून ती वगळलेली होती. या दोन खेळांमधील दहा वर्षांत निवडीचा अधिकार खेळाडूकडून यंत्रणेकडे सरकला, असे दिसते.

२. ‘डाव मांडणे’ आणि ‘मॅच लागणे’

हा बदल भाषेतही उमटला आहे. मराठीत डाव ‘मांडला’ जातो, भिडू ‘घेतला’ जातो, गडी ‘वाटून घेतले’ जातात. ही सारी क्रियापदे सकर्मक आहेत. त्यांना कर्ता लागतो. ऑनलाइन खेळाच्या बोलीत मात्र मॅच ‘लागते’. नोकरी लागते, लॉटरी लागते, त्याच जातीचा हा प्रयोग होय. जे घडले ते आपण घडवले नाही, ते आपल्या वाट्याला आले, हा भाव त्यात आहे. याउलट निमंत्रणाच्या आणि खोलीच्या संदर्भात तीच मुले ‘रूम बनव’, ‘पार्टीत घे’ असे म्हणतात. येथे इंग्रजी नामाला मराठी सकर्मक क्रियापद जोडलेले आहे आणि कर्तेपण टिकून आहे.

‘भिडू’ या शब्दाची व्याप्तीही ध्यानात घेण्याजोगी आहे. भिडू म्हणजे आपल्या बाजूचा गडी, खेळातील जोडीदार. मुंबई-ठाण्याच्या बोलीत तो मित्रासाठीही वापरला जातो. भिडू होण्यासाठी आधीची ओळख आवश्यक नसते. पण डाव संपल्यावर ओळख उरलेली असते. झटपट जुळणीत सहकारी मिळतो, तो या अर्थाने भिडू होत नाही. खेळ संपताच गट विसर्जित होतो आणि पुढच्या खेपेस यंत्रणा नवी माणसे आणते. ज्याच्याबरोबर दहा मिनिटे खांद्याला खांदा लावून खेळलो, तो पुन्हा भेटण्याची शक्यता नगण्य असते.

कन्सोलच्या पडद्याची भाषा मराठी नाही, ही गोष्टही येथे नोंदवली पाहिजे. प्रवेश, नकार, प्रतीक्षा आणि हकालपट्टी यांचे सर्व संदेश भिवंडीतील मराठी वा उर्दू माध्यमाच्या विद्यार्थ्याला परभाषेत वाचावे लागतात. कळीवरील शब्दाचा अर्थ तो सवयीने ओळखतो. परंतु प्रवेश का नाकारला गेला, हे सांगणारे वाक्य त्याला सवयीने कळत नाही.

३. नवख्याचे स्थान

कोणत्याही खेळव्यवस्थेची परीक्षा ती नवख्याला कसे वागवते यावरून होते. मराठी मुलांच्या खेळात यासाठी ‘कच्चा लिंबू’ ही संस्था आहे. लहान वा नवखे मूल खेळात घेतले जाते, ते धावते, पकडलेही जाते. पण त्याच्यावर राज्य येत नाही. त्याचे चुकणे मोजले जात नाही. हा निर्णय मोठी मुले परस्परसंमतीने घेतात आणि काही काळाने ते मूल कच्चे राहिलेले नाही हेही तीच ठरवतात.

यंत्रणेचे उत्तर वेगळे आहे. एक्सबॉक्स ३६० साठी मायक्रोसॉफ्ट रिसर्चच्या केंब्रिज येथील संशोधकांनी ‘ट्रूस्किल’ ही पद्धत विकसित केली. तिचे मूळ बुद्धिबळातील अर्पाद एलो यांच्या गुणांकनाच्या कल्पनेत आहे. या पद्धतीत प्रत्येक खेळाडूच्या नावे दोन संख्या असतात. एक त्याच्या कौशल्याचा अंदाज, दुसरी त्या अंदाजातील अनिश्चितता. नवख्याचा अंदाज २५ आणि अनिश्चितता सुमारे ८.३३ धरली जाते. अंदाजातून अनिश्चिततेची तिप्पट वजा केली की जी सावध पातळी मिळते, ती शून्य येते. खेळ होत जातात तशी अनिश्चितता घटते.

गणिताच्या दृष्टीने ही रचना सुबक आहे, याबद्दल दुमत नसावे. तथापि, तिच्यातील नवखा आणि कच्चा लिंबू यांत मूलभूत अंतर आहे. कच्च्या लिंबाचा पराभव मोजला जात नाही. ट्रूस्किलमध्ये मात्र नवख्याचाच पराभव सर्वांत अधिक मोजला जातो, कारण त्याच्याविषयी यंत्रणेला सर्वांत अधिक जाणून घ्यायचे असते. एकीकडे सवलत आहे, दुसरीकडे चाचणी आहे. सवलत देण्यासाठी समोरच्याला पाहावे लागते. चाचणीला त्याची आवश्यकता नसते.

४. पडद्यावर न दिसणाऱ्या अटी

प्रवेशाच्या काही अटी खेळाडूच्या कौशल्याशी वा इच्छेशी निगडित नसतात. पहिली अट अंतराची. प्रकाशतंतूतून संदेश सेकंदाला सुमारे दोन लाख किलोमीटर वेगाने जातो. मुंबई-सिंगापूर हे अंतर सुमारे चार हजार किलोमीटर धरल्यास संदेशाच्या जाण्या-येण्यास किमान ४० मिलिसेकंद लागतात. प्रत्यक्षात समुद्रतळावरील तारांचा मार्ग आणि मधली उपकरणे यांमुळे ते अधिक होतात. मायक्रोसॉफ्टची भारतातील विदाकेंद्रे २०१५ मध्ये आणि ॲमेझॉनचे मुंबई केंद्र २०१६ मध्ये सुरू झाल्यानंतर भिवंडीपासून काही किलोमीटरवर खेळाची खोली उघडणे शक्य झाले. तरीही, विशिष्ट खेळाला या भागात पुरेसे खेळाडू नसतील तर यंत्रणा शोधाची कक्षा वाढवते आणि खेळाडू दूरच्या केंद्राकडे ढकलला जातो. त्याला एवढेच जाणवते की आपण आधी गोळी झाडूनही आपणच बाद झालो.

दुसरी अट पत्त्याची. अनेक सेवापुरवठादार बऱ्याच घरांना मिळून एकच सार्वजनिक पत्ता देतात. साऱ्या चाळीला एकच टपालपेटी असावी, तसा हा प्रकार आहे. बाहेरून आलेला संदेश नेमका कोणत्या खोलीचा, हे ठरवणे त्यामुळे कठीण होते. कन्सोल अशा जोडणीस ‘स्ट्रिक्ट’ किंवा तिसरा प्रकार असे नाव देते. मित्राने बोलावले तरी त्याच्या गटात जाता येत नाही, किंवा गेल्यावर त्याचा आवाज ऐकू येत नाही.

तिसरी अट शुल्काची. प्लेस्टेशन ३ वर ऑनलाइन खेळणे विनामूल्य होते. २०१३ मध्ये आलेल्या प्लेस्टेशन ४ पासून, विनामूल्य वाटले जाणारे खेळ वगळता, त्यासाठी वर्गणी आवश्यक झाली. म्हणजे खेळ विकत घेतलेल्यालाही भिडू शोधण्यासाठी पुन्हा पैसे मोजावे लागतात.

चौथी अट विजेची. एक्सबॉक्स ३६० भारतात २००६ मध्ये आणि प्लेस्टेशन ३ हे २००७ मध्ये आले, तेव्हा महाराष्ट्र भारनियमनाने ग्रासलेला होता. भिवंडीचे वीजवितरण २६ जानेवारी २००७ पासून टोरंट पॉवर या कंपनीकडे गेले. असा प्रयोग देशात प्रथमच होत होता. वीज गेली म्हणून खेळातून बाहेर पडणारा आणि हरत असल्याने पळ काढणारा यांत यंत्रणा भेद करू शकत नाही. अनेक खेळांत दोघांनाही सारखाच दंड होतो. मैदानावर मात्र ‘टाइमप्लीज’ म्हणताच खेळ थांबतो.

५. भिवंडीचा अनुभव

वरील विवेचनाचा भिवंडीशी असलेला संबंध आता स्पष्ट करता येईल. मे १९८४ च्या दंगलीने या शहराचे अपरिमित नुकसान केले. त्यानंतर १९८० च्या दशकाच्या अखेरीस पोलीस उपायुक्त सुरेश खोपडे यांच्या पुढाकाराने येथे मोहल्ला समित्या स्थापन झाल्या. त्यांत दोन्ही समाजांतील सामान्य रहिवासी आणि त्या भागातील पोलीस कर्मचारी नियमितपणे एकत्र बसत. डिसेंबर १९९२ आणि जानेवारी १९९३ मध्ये मुंबई पेटली असताना भिवंडी शांत राहिली, याचे श्रेय या प्रयोगाला दिले जाते.

त्या प्रयोगाचे मर्म असे की माणसे आधी मित्र झाली आणि मग एकत्र बसली, असे घडले नाही. ती अनोळखीच होती. परंतु त्याच ठिकाणी, तीच माणसे, पुनःपुन्हा भेटत राहिली. खेळाकडून दंगल रोखण्याची अपेक्षा करणे अर्थातच अतिशयोक्तीचे ठरेल. मात्र परस्परांची ओळख कशी घडते, याविषयीचे भिवंडीचे हे ज्ञान कन्सोलच्या प्रवेशपद्धतीस कसोटी म्हणून लावता येते.

त्या कसोटीवर निमंत्रणाचा मार्ग अपुरा पडतो, कारण मित्रयादी शाळेतून, गल्लीतून, नात्यातून येते. मोहल्ल्याच्या सीमा त्यात जशाच्या तशा उतरतात. झटपट जुळणी सीमा ओलांडते. पण ती अनोळखी माणसाला अनोळखीच ठेवते. एका मार्गात ओळख आहे आणि परका नाही. दुसऱ्यात परका आहे आणि ओळख नाही. परक्याची ओळख होण्याची शक्यता खोल्यांच्या यादीत होती. ठरावीक नावाची खोली, तिचा यजमान, रोज रात्री तेथे येणारी माणसे यांतून एक परिचय घडत असे. तासावर पैसे घेऊन कन्सोल खेळू देणाऱ्या पार्लरमध्येही हे घडते. हरला तो उठतो, पुढचा बसतो, आणि वाट पाहणारा शेजाऱ्याशी बोलतो.

येथे एक विसंगती नजरेत भरते. ॲमेझॉनने जून २०१३ मध्ये भारतात विक्री सुरू केली, तेव्हा तिचे देशातील पहिले कोठार भिवंडीत होते. वस्तू घरोघर पोहोचवण्याच्या व्यवस्थेत हे शहर केंद्रस्थानी आहे. त्याच वस्तूतून उघडणाऱ्या खेळाच्या जगात मात्र त्याचे नावही कोठे दिसत नाही.

६. प्रतिवाद

या मांडणीवर दोन गंभीर आक्षेप संभवतात. पहिला असा की कौशल्यानुसार जुळणी दुर्बलांचे रक्षण करते. ‘कॉल ऑफ ड्यूटी’ची निर्माती कंपनी ॲक्टिव्हिजन हिने २०२४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या निवेदनातही हीच बाजू मांडली आहे : हा निकष सैल केल्यास कमकुवत खेळाडू खेळ सोडून जातात. दुसरा आक्षेप अधिक महत्त्वाचा आहे. खोलीचा यजमान कोणालाही बाहेर काढू शकतो; पार्लर आणि मैदान यांवर मुलींना मुलांइतका मोकळा प्रवेश मिळत नाही. नाव व आवाज झाकून खेळू देणारी जुळणी त्यांच्यासाठी खुले दार ठरू शकते. ओळख हे मूल्य असले तरी ती देण्या-न देण्याचा अधिकारही तितकाच मोलाचा आहे.

हे आक्षेप मान्य केले तरी मूळ मुद्दा शिल्लक राहतो. झटपट जुळणी असावी की नसावी, हा वादाचा विषय नाही. ती एकमेव राजमार्ग ठरून अन्य वाटा बुजाव्यात का, हा आहे.

निष्कर्ष

कन्सोलच्या प्रवेशपद्धतीने भिडू शोधण्याचे श्रम वाचवले. परंतु त्या श्रमांतच भिडू घडत होता, याकडे तिचे दुर्लक्ष झाले. ही हानी अटळ नाही. ‘हेलो ३’ (२००७) मध्ये खेळ संपल्यावर त्याच मंडळींसह पुढे जाण्याची सोय होती, आणि ‘कॉल ऑफ ड्यूटी : ब्लॅक ऑप्स ७’ (२०२५) मध्ये गट न मोडता पुढचा खेळ सुरू करण्याची पद्धत परत आणली गेली. डाव संपल्यावर तीच माणसे एकत्र राहू देणे, खोल्यांची यादी दुय्यम का होईना पण उपलब्ध ठेवणे, नवख्याचे प्रारंभीचे पराभव न मोजणे आणि नकाराचे कारण खेळाडूच्या भाषेत सांगणे, या चार गोष्टी तंत्रदृष्ट्या अवघड नाहीत. खेळांच्या समीक्षेने कथानक आणि चित्रांकन यांच्याबरोबर प्रवेशाच्या या पडद्याचेही वाचन केले पाहिजे. सामूहिक खेळातील समाज कसा असावा, हे पहिला डाव सुरू होण्यापूर्वी तेथेच ठरलेले असते.