काळ फिरवणारे गीत: ‘झेल्डा’ खेळमालिकेतील एका कलेचा आढावा

व्हिडिओ गेममधील संगीत बहुतांशी प्रसंगाला साथ देते. ते कानावर पडले नाही तरी कथेचे काही अडत नाही. निन्टेंडो या जपानी कंपनीच्या ‘द लेजेंड ऑफ झेल्डा’ या मालिकेने मात्र १९९८ च्या ‘ओकारिना ऑफ टाइम’मध्ये गीत खेळणाऱ्याच्या हाती दिले आणि हायरुल या कल्पित राज्यातील काळाचे दार त्या गीताने उघडेल, अशी रचना केली. १९९३ च्या ‘लिंक्स अवेकनिंग’मध्येही ओकारिना हे वाद्य होते, पण तेथे गीत यादीतून निवडले की आपोआप वाजे, नव्या खेळात ते स्वरास्वराने वाजवावे लागू लागले, आणि या कलेचा खरा आरंभ तेथेच झाला.

ओकारिना म्हणजे छिद्रांवर बोटे ठेवून फुंकायचे, बहुधा मातीचे, पोकळ सुषिर वाद्य. संगीतकार कोजी कोंडो यांनी कंट्रोलरच्या पाच बटणांना पाच स्वर नेमून दिले. त्यांतील सर्वांत खालचा स्वर षड्ज मानला, तर सा, कोमल ग, प, शुद्ध ध आणि तार सा एवढीच सामग्री मिळते. काळाचे दार उघडणाऱ्या कालगीताला त्यांतले तीनच स्वर पुरतात: पंचमावरून षड्जापर्यंत उतरून कोमल गंधारावर थांबणारी लहानशी स्वरावली दोनदा वाजवायची. हायरुलमधील कालमंदिरात हीच चाल पुरुषकंठांच्या समूहगानात, मध्ययुगीन चर्चमधील प्रार्थनागानाची आठवण देत ऐकू येते, त्यामुळे नायक असलेल्या मुलाच्या हातातील वाद्याचे सूर एका प्राचीन उपासनेशी जोडले जातात. हिंदुस्थानी संगीताच्या समयसिद्धांतात प्रहर रागाची निवड ठरवतो. येथे मात्र काळच गीताच्या आज्ञेत आहे.

तरीही या पहिल्या खेळात कालगीताचे कार्य मर्यादित राहते. तीन रत्ने वेदीवर ठेवून ते वाजवल्यावर दार उघडते, परंतु नायक लिंक सात वर्षे पुढे जातो तो दारामागील तलवार उपसल्यामुळे. त्यानंतर गीताचा उपयोग मुख्यतः काही शिळा हलवण्यापुरता उरतो. कालविचाराच्या दृष्टीने त्याच खेळातील वादळगीत अधिक धाडसी आहे: पवनचक्कीतील वादकाकडून मोठेपणी शिकलेले ते गीत लिंक बालपणात परतून वाजवतो, आणि ते ऐकूनच त्या वादकाला ते अवगत होते, त्यामुळे त्याचा मूळ कर्ता कोणीच उरत नाही.

या कलेचा उत्कर्ष २००० मधील ‘मेजोराज मास्क’ या खेळात दिसतो. टर्मिना या जगावर तीन दिवसांत चंद्र कोसळणार असतो आणि कालगीत वाजवताच लिंक पहिल्या दिवसाच्या पहाटेला परततो. तीच स्वरावली उलट क्रमाने वाजवली तर काळ मंदावतो, प्रत्येक स्वर दोनदा वाजवला तर तो पुढे झेपावतो. म्हणजे रचनेतील बदल आणि काळातील बदल यांचा संबंध खेळणाऱ्याला बोटांनीच उमगतो. याहून महत्त्वाची आहे ती गीताची किंमत. मुखवटे, शिकलेली गीते आणि महत्त्वाची साधने लिंकजवळ राहतात, पण बाण, बॉम्ब आणि पेढीत न ठेवलेले पैसे नाहीसे होतात, आणि ज्यांना मदत केली त्यांना तिची आठवणही उरत नाही. आन्जू आणि काफेई या दुरावलेल्या जोडप्याची भेट जगाच्या अंताच्या अगदी आधी घडते. पुढे कालगीत वाजवले की ती भेट घडलीच नव्हती, अशी स्थिती येते. तारणारे गीतच केलेले सत्कर्म पुसून टाकते, आणि या अटळ त्यागामुळे वादनाला विधीचे गांभीर्य लाभते.

त्यानंतर मात्र ही कला विरळ होत गेली. २००१ च्या ‘ओरॅकल ऑफ एजेस’मध्ये वीणेसारख्या हार्पवरील तीन धुनी भूत आणि वर्तमान यांमधील वाटा उघडतात, पण त्या पुन्हा यादीतूनच निवडायच्या असतात. २००२ च्या ‘विंड वेकर’मध्ये संगीतसंचालकाच्या छडीने दिवसाची रात्र करता येते, मात्र त्यामुळे काही गमवावे लागत नाही. २०११ च्या ‘स्कायवर्ड स्वोर्ड’मध्ये हार्प छेडताना हाताची लय सांभाळली की पुरते, स्वर निवडण्याचे काम उरत नाही. २०१७ च्या ‘ब्रेथ ऑफ द वाइल्ड’मध्ये कालमंदिर भग्न आहे आणि जुनी चाल तेथे संथ, तुटक रूपात ऐकू येते, खेळणाऱ्याला ती वाजवता येत नाही.

हा आढावा एका निष्कर्षाकडे नेतो. काळावर सत्ता चालवणारे गीत कल्पिणे कठीण नाही. ते विधी ठरते ते तीन गोष्टींमुळे: ते स्वतः अचूक वाजवावे लागणे, त्याची पुनरावृत्ती अर्थपूर्ण असणे आणि प्रत्येक वादनामागे काहीतरी गमवावे लागणे. पहिल्या खेळाने यांपैकी पहिली अट पूर्ण केली, दुसऱ्याने तिन्ही. नंतरच्या खेळांनी संगीत अधिक संपन्न केले, पण वादकावरची जबाबदारी हलकी केली. या कलेला पुन्हा तेज यावयाचे असेल, तर खेळ घडवणाऱ्यांनी वाद्यवृंदाच्या भव्यतेपेक्षा गीत वाजवणाऱ्यावर होणाऱ्या परिणामांची आखणी आधी केली पाहिजे.