अच्युत कानविंदे यांची वास्तुरचना : उसनवारीचा प्रश्न

आधुनिक भारतीय वास्तुकलेच्या आद्य प्रवर्तकांत अच्युत कानविंदे (१९१६–२००२) यांची गणना होते. परंतु ती करताना बहुधा एक विधान जोडले जाते : त्यांनी ग्रोपियसची शैली भारतात आणली. या विधानातील ‘आणली’ हे क्रियापद तपासून पाहणे, एवढाच प्रस्तुत टिपणाचा हेतू आहे.

कानविंदे यांचा जन्म कोकणातील आचरे येथला. वडील चित्रकलेचे शिक्षक. १९३५ साली ते मुंबईच्या सर जे. जे. कलाशाळेच्या वास्तुविभागात दाखल झाले. विभागाचे प्रमुख क्लॉड बॅटली इंग्रज असूनही देशी बांधणीच्या अभ्यासाचा आग्रह धरीत. १९४३ मध्ये कानविंदे वैज्ञानिक व औद्योगिक संशोधन परिषदेत रुजू झाले. १९४५ मध्ये सरकारने त्यांना हार्वर्डला पाठविले आणि तेथे त्यांना बाउहाउसचे संस्थापक वॉल्टर ग्रोपियस गुरू लाभले. १९५५ मध्ये शौकत राय यांच्यासह त्यांनी स्वतंत्र व्यवसाय आरंभिला. १९५९ साली ललित कला अकादमीने दिल्लीत भरविलेल्या वास्तुकला-परिसंवादाचे ते संयोजक होते. परंपरा की आधुनिकता, हा वाद तेव्हाही जागता होता.

भाषेच्या अभ्यासकास हा वाद अनोळखी वाटू नये. ‘टेबल’ हा शब्द परका खरा. पण ‘टेबलावर’, ‘टेबलाखाली’ म्हणताना त्याचे परकेपण कोणास जाणवते? उसना शब्द कोठून आला, यापेक्षा तो घेणाऱ्या भाषेचे प्रत्यय स्वीकारतो की नाही, हा प्रश्न अधिक महत्त्वाचा होय.

हा निकष लावला असता कानविंदे यांच्या कार्यात दोन अवस्था दिसतात. अहमदाबादच्या वस्त्रोद्योग-संशोधन संस्थेची, म्हणजे ‘अटिरा’ची, इमारत १९५० नंतरच्या पहिल्या काही वर्षांतली. साधे चौकोनी घन, सपाट छप्पर, आडव्या खिडक्यांच्या रांगा. उच्चार निर्दोष आहे; प्रत्यय मात्र अद्याप लागलेला नाही.

कानपूरच्या भारतीय तंत्रविज्ञान संस्थेत (स्थापना १९५९) तो लागतो. उघड्या काँक्रीटचा सांगाडा आणि विटांच्या भिंती, हे साहित्य साधेच आहे. वाहने कडेला ठेवून अध्यापनाच्या इमारती छायेतील दुमजली मार्गांनी जोडल्या आहेत. ग्रंथालयाकडून व्याख्यानगृहाकडे जाणारा विद्यार्थी सावलीतून चालतो. आत आणि बाहेर यांमधील या जागेला आपल्याकडे नावे अनेक : कोकणात पडवी, अन्यत्र ओसरी, पूर्व विदर्भात सपरी. भंडारा जिल्ह्यातील चिखल्यासारख्या मँगनीज-खाणीच्या गावात उन्हाळ्याचे दिवस ज्याने काढले आहेत, त्यास सपरी ही शोभेची वस्तू नव्हे, हे सांगावयास नको. कानविंदे यांनी सपरीचे रूप घेतले नाही. कौले नाहीत, लाकडी खांब नाहीत. तिचे कार्य मात्र त्यांनी काँक्रीटकडे सोपविले. मेहसाण्याच्या दूधसागर दुग्धालयातही छपरावर उंच गेलेले वायुमार्ग आतील उष्ण हवा बाहेर काढण्याच्या गरजेतून जन्मले आहेत.

यावर कोणी म्हणेल, छायामार्ग परदेशी विद्यापीठांतही आढळतात. आढळतात हे खरे. पण आक्षेप पुन्हा उगमाचाच आहे, आणि उगम हा निकष नव्हे. खरे वैगुण्य निराळे आहे. सपरी सारवणारे हात घरचे असतात. काँक्रीटवर पावसाळ्याने काळे ओघळ सोडले, तर ते पुसण्याचे दायित्व कोणाचे, याचे उत्तर या रचनेत नाही. या भाषेला बोलणारे पुष्कळ मिळाले, जपणारे थोडे.

म्हणूनच हा प्रश्न केवळ संज्ञेचा राहत नाही. राज रेवाल यांचे दिल्लीतील ‘हॉल ऑफ नेशन्स’ २०१७ मध्ये पाडण्यात आले. ज्या वास्तूंना आपण परक्या म्हणत राहतो, त्यांच्या रक्षणार्थ उभे राहण्याचे कारणही आपण गमावून बसतो. कानविंदे यांच्या वास्तूंसंबंधी ‘आणली’ हे क्रियापद आता मागे घ्यावे. ‘रुजविली’ हे क्रियापद कानपूरला निश्चित शोभते. अहमदाबादला ते लावताना मात्र थोडे थांबावे.