वही घेतलेली मुलगी आणि परदेशी कॅमेरा

आमचा जिल्हा पडद्यावर येतो तो बहुतेक एकाच चौकटीत. भिंतीवर हार घातलेला फोटो, खाली डोक्यावरून पदर घेतलेली बाई आणि तिच्या तोंडापुढे माइक. फुलसावंगीत राहून यवतमाळचं हे चित्र मी इतक्यांदा पाहिलंय, की मिखा पेलेडची 'बिटर सीड्स' (२०११) ही डॉक्युमेंटरी लावताना मला एवढंच बघायचं होतं: हा माणूस इथं थांबतो का?

थांबतो. जागतिकीकरणावरच्या त्याच्या तीन फिल्म्समधली ही शेवटची. पहिली वॉलमार्टच्या दुकानावर, दुसरी चीनमधल्या जीन्सच्या कारखान्यावर. तिसऱ्यात तो कापडाचा माग उलटा काढत कापसाच्या बियाण्यापर्यंत, आपल्या जिल्ह्यातल्या तेलंग टाकळीत येऊन पोचतो. तिथल्या एका शेतकऱ्याचा एक हंगाम. बीटीची पाकिटं, जमीन अडकवून काढलेलं सावकाराचं कर्ज, पिकावर पडलेली कीड, घरात लग्नाची मुलगी. यवतमाळच्या माणसाला यातलं काहीच नवीन नाही. पण बातमी हे सगळं शेवटाकडून सांगते. आधी माणूस गेला, मग कारणं. इथं पुढे काय होणार हे माहीत नसताना आपण त्या घरात बसून राहतो.

फिल्मचा जीव मात्र शेजारच्या घरात आहे. कॉलेजात जाणारी मुलगी. वडिलांनी आत्महत्या केलेली, आणि हिला पत्रकार व्हायचंय. ती गावात प्रश्न विचारायला निघते, तेव्हा पडद्यावर बघणारे दोघं होतात. परदेशी कॅमेरा काम संपलं की परत जाणार. तिला ती सोय नाही. समोरचा जे सांगतोय ते तिच्या घरात घडून गेलंय. काही जण म्हणतील, ही दिग्दर्शकाची युक्ती आहे. असेना का! त्यानिमित्तानं गावातली एक मुलगी माइकच्या दुसऱ्या बाजूला गेली.

माझी तक्रार वेगळी आहे. फिल्मला स्वतःच्या बघण्यावर पुरता भरवसा नाही. तज्ज्ञ येतात, कंपनीची बाजू येते, दर तीस मिनिटांना एक आत्महत्या हा आकडा येतो, आणि बियाणं हाच खलनायक ठरत जातो. देशात बीटी कापसाला परवानगी मिळाली २००२ मध्ये. कर्ज, कोरडवाहू जमीन आणि भावाची मारामार त्याच्या कितीतरी आधीची. घरात बसून जो गुंता दिसत होता, तो बाहेरच्या आवाजांनी सरळ करून टाकला.

शिवाय ही गोष्ट सातबारा असलेल्याची. २०१७ मध्ये फवारणीच्या विषबाधेनं आमच्या जिल्ह्यात वीसएक माणसं दगावली. त्यात दुसऱ्याच्या शेतात रोजानं पाठीवर पंप घेणारे मजूरही होते. कॅमेरे तेव्हाही आले, दवाखान्यापर्यंत. त्या मजुरामागे पूर्ण हंगाम चालणारी फिल्म मला बघायची आहे; आज कुणाच्या शेतात जायचं हे सकाळी ठरतं, तिथपासून. आणि तिच्यातही वही घेऊन फिरणारी गावातलीच कुणी असावी.